कात्री पडते तेव्हा

शर्टाच्या त्या कारखान्यात एक रीत होती, आणि ती कुठल्याही कागदावर लिहिलेली नव्हती. घड्याळवाला आला की हात जड करायचे.

घड्याळवाला म्हणजे हातात थांबतं घड्याळ आणि पाठीला पुठ्ठा लावलेला कागद घेऊन येणारा तरुण साहेब. नवा माल सुरू झाला की तो यायचा. कुणाच्या तरी मागे गुपचूप उभा राहायचा, टिक करून घड्याळ चालू करायचा आणि एक कॉलर लागायला किती वेळ जातो, एक खिसा बसायला किती, ते लिहून न्यायचा. त्याने जे लिहिलं ते दुसऱ्या दिवशी फळ्यावर चढायचं. तासाला इतके. मग तेवढे झालेच पाहिजेत, कंबर मोडो की मान.

म्हणून बायकांनी आपली सोय केली होती. रांगेच्या तोंडाशी कफ लावणारी बसायची. तोंडाने फाटकी, पण मनाने धड. तिला दार दिसायचं. घड्याळवाला दिसला की ती आपली कात्री फरशीवर पाडायची. ठण्णकन आवाज झाला की चाळीस मशिनी एकदम म्हाताऱ्या व्हायच्या. कुणी दोरा पुन्हा ओवायची, कुणी गठ्ठ्याच्या कडा दोनदा जुळवायची, कुणाला नेमका तेव्हाच खोकला लागायचा.

त्या दिवशी कात्री पडली. भिंगरीने ती ऐकलीही.

भिंगरी हे तिचं कारखान्यातलं नाव. मशीनवर बसली की हात असे फिरायचे, म्हणून. ती कॉलर लावायची. तिच्या शेजारच्या मशीनवर तिची सासू, तीही कॉलरच लावायची. सासूला ती आत्या म्हणायची आणि कारखान्यातल्या बाकीच्या पोरी आजी. आजी म्हटलेलं आत्यांना मुळीच खपत नसे. गावात त्यांना सगळे मास्तरीण म्हणत. वीस वर्षं घरच्या पायमशीनवर त्यांनी गावभरच्या बायांचे कपडे शिवले होते. मग बाजारात तयार कपडे आले, शिवणाऱ्याला कोण विचारतो? पायमशीन पोत्याखाली गेलं आणि मास्तरीणबाई सुनेला घेऊन पत्र्याच्या शेडमध्ये आल्या. सुनेला शिवण शिकवलं ते त्यांनीच. पहिल्या महिन्यात तर छडीसारखी मोजपट्टी हातावर मारून.

त्या सकाळी भिंगरीची पाच वर्षांची पोर तापाने फणफणत होती. नवरा धरणाच्या कामावर, महिन्यातून एकदा यायचा. घरात दुसरं माणूस नाही. पोरीला शेजारच्या बहिऱ्या म्हातारीजवळ ठेवून दोघी टेम्पोत चढल्या. आत्या म्हणाल्या, "ताप आहे, उतरेल. सगळ्यांच्याच पोरांना येतो." पण भिंगरीच्या डोक्यातून एकच गोष्ट जात नव्हती. पोर पाणी मागेल आणि त्या बहिरीला ऐकूच जायचं नाही.

दहा वाजता ती सुपरवायझरपुढे जाऊन उभी राहिली. त्याच्या गळ्यात शिट्टी असायची, त्यामुळे त्याचं नाव पडलं होतं शिट्टी.

"सुट्टीचा पास द्या हो. पोर आजारी आहे."

"पुढ्यातला गठ्ठा संपव आणि जा," शिट्टी म्हणाला. "साठ कॉलर आहेत. कधी संपवायचा ते तू बघ."

झालं. ती बसली ती वाऱ्यासारखी. पत्रा तापलेला, मानेवरून घामाचे ओघळ पाठीत उतरत होते, कापडाचे तंतू नाकात जात होते. तिला काही दिसत नव्हतं. कॉलर घे, गळ्याला लाव, फिरव, दाब, काप, टाक. घे, लाव, फिरव. आणि तेवढ्यात कात्री पडली. ठण्ण.

तिने ऐकलं. खरं सांगायचं तर तिच्या पायाने पायट्यावरचा जोर एक क्षण सोडलाही. पण डोळ्यांपुढे आली सुकल्या ओठांची पोर. 'मरू दे ते घड्याळ' असं मनात म्हणत तिने पुन्हा पाय दाबला. कफवाली खोकली. पुन्हा खोकली. मग तिने कात्री दुसऱ्यांदा पाडली. असं आजवर कधी झालं नव्हतं.

"वा!" पाठीमागून आवाज आला. "पंचावन्न सेकंद!"

घड्याळवाला हसत होता. त्याने कागदावर काहीतरी लिहिलं आणि वर शिट्टीला दाखवलं. आत्या मात्र मान वर न करता आपल्या लयीत कॉलर लावत होत्या.

भिंगरी पास घेऊन तीन मैल उन्हातून पळत घरी गेली. दारात पोर. ताप उतरलेला, गालाला चिखल, आणि बहिऱ्या म्हातारीच्या चपला घालून फटक फटक चालत होती. भिंगरी मटकन खाली बसली आणि आधी हसली, मग रडली. पोर म्हणाली, "तू आज लवकर कशी?"

*

दुसऱ्या दिवशी फळ्यावर कॉलरपुढचे पन्नास खोडून पासष्ट लिहिले होते.

कॉलरचे पासष्ट म्हटल्यावर कफचे वाढले, बाहीचे वाढले, काजाबटणाचे वाढले. एक मशीन पळालं की सगळ्यांनी पळायचं. कुणी भिंगरीला शिवी दिली नाही. दिली असती तर बरं झालं असतं. डब्याच्या सुट्टीत ती बसली तसा तिच्या दोन्ही बाजूंचा घोळका उठला. संध्याकाळी टेम्पोत तिला पुढच्या फळीवर जागा होती, पण कुणी पाय आवरले नाहीत. ती मागच्या दांड्याला धरून उभी राहिली.

"कुणाकुणाला फार घाई," कफवाली हवेत बोलली. "आम्हाला आपलं मेल्यावर जायचंय वर."

"पोर आजारी होती गं."

"आमची काय दगडाची आहेत?"

खरंच होतं ते.

एकटा शिट्टी खूश होता. दुपारी तो भिंगरीच्या मशीनपाशी वाकला आणि हळू आवाजात म्हणाला, "सोमवारी नवा माल लागतोय. घड्याळवाले साहेब येतील. असाच हात दाखव. सँपल रूममध्ये एक जागा आहे. मी तुझं नाव टाकलंय."

सँपल रूम! शेडच्या टोकाला काचेची खोली. आत पंखा आणि एक खिडकी, खिडकीबाहेर झाड. तिथे टार्गेट नाही. एकीने एक अख्खा शर्ट शिवायचा, कॉलरपासून बटणापर्यंत, आणि तो शर्ट परदेशी साहेब हातात घेऊन बघणार. दोन वर्षं ती कॉलर लावत होती. हजारो कॉलरी, पण पुरा शर्ट एकही नाही. आपण काय शिवतो हेच विसरायला झालं होतं. तिने कुणाला सांगितलं नाही. आत्यांना तर नाहीच.

कारण आत्यांचे पासष्ट होत नव्हते.

पहिल्या तासाला पन्नास झाले. दुसऱ्याला एकावन्न. आत्यांचा हात नेटका होता, टाक्याला टाका भिडलेला, गळ्याची गोलाई कशी पाण्यावरच्या वलयासारखी. पण सावकाश. गुडघे धरलेले, पायटा दाबताना ओठ आवळलेले. त्यांनी पाणी पिणं सोडलं, म्हणजे मोरीकडे जाण्यात वेळ नको. भिंगरी पाहत होती. शिट्टी लांब गेला की ती आपल्या ढिगातल्या चार-पाच कॉलरी गपचूप आत्यांच्या टोपलीत सरकवायची. एकदा आत्यांनी ते पाहिलं.

"हा टाका माझा नाही," त्या म्हणाल्या आणि पाचही कॉलरी उचलून परत तिच्या टोपलीत टाकल्या. "मला काय भिकेला लावतेस?"

तिसऱ्या दिवशी शिट्टी आत्यांच्या मागे येऊन उभा राहिला आणि कानाशी शिट्टी वाजवली.

"काय आजी, झोपलात का?"

पोरी हसल्या नाहीत, पण आत्यांचा कान लाल झाला. त्यांनी मशीन थांबवलं. चष्मा काढून पुसला. परत घातला.

"शनिवारपर्यंत बघतो," शिट्टी म्हणाला. "नाहीतर मग धागे तोडायला जा. तिथे टार्गेट नाही, आरामाचं काम आहे."

आरामाचं! धागे तोडणाऱ्यांनी दहा तास उभं राहायचं. आत्यांचे गुडघे दहा मिनिटं उभं राहू देत नव्हते. धागे तोडायला पाठवलं म्हणजे घरी पाठवलं, हे शिट्टीला ठाऊक होतं, आत्यांनाही होतं, आणि भिंगरीला तर होतंच. आणि घरी काय? पोत्याखालचं मशीन आणि खाट. ज्या बाईने गावाला कपडे घातले तिने आता पोर सांभाळत माशा मारायच्या.

त्या संध्याकाळी घरी आत्या कशावरही चिडल्या. भात गिचका झाला, घागर वाकडी ठेवली, पोरीने खडू उंबऱ्यात टाकला. मग एकदम म्हणाल्या, "माझ्या वेळेला लोक म्हणायचे, मास्तरीण, सावकाश शिवा पण तुम्हीच शिवा. आता म्हणतात कसंही शिवा, लवकर शिवा." आणि गुडघ्यावर हात ठेवून उठल्या. उठताना त्यांनी भिंतीचा आधार घेतला. तो सुनेला दिसू नये म्हणून भिंतीवरची धूळ झटकल्यासारखं केलं.

भिंगरीने ते पाहिलंच. हे सगळं आपण केलं. एका गठ्ठ्याच्या घाईने.

*

शनिवारी शिट्टीला नव्या मालाची गडबड होती. सोमवारी बघू म्हणाला. म्हणजे सगळं सोमवारवर आलं.

रविवारी सकाळी ती नळावर कफवालीला गाठायला गेली. कफवाली बादली भरत होती. तिने तोंड फिरवलं.

"मला सावकाश शिकव," भिंगरी म्हणाली.

"काय?"

"सावकाश. मला येतच नाही. मुद्दाम केलं की हात अडखळतो, आणि अडखळला की त्याला कळतं. तुम्ही सगळ्या कशा करता?"

कफवालीने नळ बंद केला. "आजीसाठी?"

"त्यांना आजी म्हणू नकोस, कापून काढतील." दोघी जरा हसल्या. आठवड्यात पहिल्यांदा. "नवा माल जाड आहे म्हणे. साहेबाने माझं घड्याळ लावलं तर आत्या गेल्या. त्यांना नुसतं सावकाश कर म्हटलं तर काम चोरत नाही म्हणतात. त्या आहेतच तशा. मीच त्यांच्याएवढी झाले तर त्या उठून दिसणार नाहीत."

"आणि ती काचेची खोली?" कफवालीला सगळं माहीत असायचं.

भिंगरी पायाच्या अंगठ्याने ओल्या दगडावर रेघ ओढत राहिली.

"ऐक," कफवाली म्हणाली. "हात सावकाश करू नकोस. हात तेवढाच ठेव. मधली जागा वाढव. कॉलर घेण्याआधी कडा बघ. टाकल्यावर एकदा मागे बघ, बरोबर पडली ना. दोरा ताणून बघ. ही सगळी कामंच आहेत, चोरी नाही. चांगली शिवणारी बाई हेच करते." मग बादली उचलता उचलता म्हणाली, "तुझी सासू हेच करते. खरं म्हणजे तिच्याकडेच बघ."

भिंगरी दिवसभर अंगणात बसून कापडाच्या चिंध्या जुळवत राहिली. कड बघ, घे, फिरव, मागे बघ. तिचे हात नुसते शिवशिवत होते. पोर म्हणाली, "आई, तुला मुंग्या चावतात का?"

*

सोमवारी नवं कापड आलं, निळं, पुठ्ठ्यासारखं ताठ. सुई त्यातून कुरकुरत जायची. वरून पत्रा इतका तापलेला की मशीनच्या चाकाला हात लावला तर चटका.

अकराच्या सुमाराला कात्री पडली. ठण्ण.

पायांचे आवाज सरळ तिच्याच मागे येऊन थांबले. घड्याळवाला आणि शिट्टी, दोघे.

"ही ती. पंचावन्नवाली," शिट्टी म्हणाला. मग तिच्या कानाशी, "खोली लक्षात आहे ना?"

टिक.

तिने कॉलर घेतली. हात सुटलाच होता, बाणासारखा. तेवढ्यात शेजारून आत्यांच्या मशीनचा आवाज आला. घर्र… थांबला. घर्र, घर्र… थांबला. तिने त्या आवाजाला धरलं. आत्या थांबल्या की ती थांबली. आत्यांनी कड पाहिली असेल, तिने कड पाहिली. आत्यांनी गोलाई फिरवली, तिने फिरवली. मोजपट्टी खाऊन ज्या हाताखाली ती शिकली होती, तो हात तिला न बघताही पाठ होता. वेगाच्या नादात तो फक्त विसरायला झाला होता.

टिक. "शहात्तर," घड्याळवाला म्हणाला. त्याने कपाळाला आठी घातली. "त्या दिवशी तर वीस सेकंद कमी होते."

"कापड ताठ आहे साहेब. फिरवलं की तोंड वर करतं."

"अजून तीन लाव."

तिने तीन लावल्या. घाम डोळ्यात गेला, पुसला नाही. पायटा दाबणारा पाय तिने आवरून धरला होता, पळायला निघालेल्या बैलाला दाव्याने धरून ठेवावं तसा. समोर काचेची खोली दिसत होती. पंखा फिरत होता, झाडाची सावली खिडकीत हलत होती. एकदा दाबला जोरात तर तिथे. एकदाच. तिने मान खाली घातली. घर्र… थांबली. मागे पाहिलं, कॉलर टोपलीत नीट पडली होती.

"सत्त्याहत्तर. शहात्तर. अठ्ठ्याहत्तर."

"काय झालं गं तुला?" शिट्टीचा आवाज चढला. "त्या दिवशी उडत होतीस, आज मेलीस काय?"

"त्या दिवशी पोर आजारी होती."

"म्हणजे रोज पोर आजारी पाडायची का?" शिट्टी स्वतःच्याच विनोदावर हसला. घड्याळवाला हसला नाही. तो आत्यांच्या मागे सरकला. आत्यांनी त्याच्याकडे ढुंकूनही पाहिलं नाही. रीत-बीत त्यांच्या गावीही नव्हती. आपल्या टाक्याने कॉलर लावली, उलटून बघितली, टाकली.

"शहात्तर," घड्याळवाला म्हणाला. "दोघी सारख्याच." त्याने आत्यांची कॉलर उचलून गोलाईवर बोट फिरवलं. "आणि काम साफ आहे हिचं. ताठ कापडाला एवढं लागणारच." त्याने कागदावर लिहिलं, पुढे कफवालीकडे गेला. कफवालीला त्या क्षणी इतका खोकला आला की तिला पाणी आणावं लागलं.

शिट्टी मागे राहिला. "घालवलीस संधी," तो दातांत म्हणाला. "बस आता जन्मभर कॉलरी लावत."

"बरं," भिंगरी म्हणाली.

जेवणानंतर फळ्यावरचे पासष्ट पुसले गेले. कॉलर, शेहेचाळीस. चार वाजता काचेच्या खोलीत दुसऱ्या रांगेतली एक पोर जाऊन बसली. भिंगरीने एकदा पाहिलं आणि नंतर पाहिलं नाही. वाईट वाटलं तिला. खोटं कशाला बोलायचं, खूप वाईट वाटलं. आतून कुणीतरी शिवण उसवावी तसं. पण हात शेजारच्या आवाजाबरोबर चालत राहिले.

*

संध्याकाळी टेम्पोत तिला आणि आत्यांना पुढच्या फळीवर जागा मिळाली. बायकांनी पाय आवरले, एकीने तर फळी फडक्याने पुसून दिली. आत्यांना त्याचं काही विशेष वाटलं नाही. मास्तरणीला जागा द्यायचीच असते. त्या आज खुशीत होत्या.

"शेवटच्या तासाला माझे सत्तेचाळीस झाले," त्या सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाल्या. "हिचे किती? शेहेचाळीस! सुनेपेक्षा एक जास्त. आणि मला म्हणे आजी! ऐकलंत ना साहेब काय म्हणाला, काम साफ आहे हिचं. लोकांना वाटतं म्हातारीचे हात गेले."

कफवालीने तोंड उघडलं. भिंगरीने तिच्या गुडघ्यावर चिमटा काढला, असा की तिने तोंड मिटलं आणि बाहेरच्या धुळीकडे बघू लागली. कफवालीचे डोळे भरले होते, पण धूळ होतीच.

"तुमचा हात कोण धरणार, आत्या," भिंगरी म्हणाली.

टेम्पो खड्ड्यांतून हिसके देत चालला होता. दोन्ही बाजूंना नांगरून टाकलेली कोरडी शेतं. भिंगरीचे हात मांडीवर होते आणि ते थांबत नव्हते. डोक्याच्या रुमालाचं टोक घेऊन बोटं कड दुमडत होती, फिरवत होती, सोडत होती, पुन्हा घेत होती. दिवसभर कोंडलेला सगळा वेग त्या टोकावर उतरला होता.

आत्यांनी ते पाहिलं आणि आपला खडबडीत पंजा तिच्या दोन्ही हातांवर ठेवून घट्ट दाबला.

"काय ही वळवळ सारखी! बस की जरा निवांत," त्या म्हणाल्या. "म्हणून मागे पडतेस तू. घाईने कधी काम झालंय? सावकाश करावं, नीट करावं. शीक जरा माझ्याकडून."

त्या पंजाखाली भिंगरीची बोटं हळूहळू थांबली.

"शिकले की, आत्या," ती म्हणाली. "आज शिकले."